घरातली कैद आणि ‘देहोपस्थिती’

कायद्याच्या मराठीत काही शब्द दाताखाली खडा यावा तसे येतात. ‘देहोपस्थिती’ त्यातलाच. हेबियस कॉर्पसचं हे मराठी नाव. ज्याने माणूस अडकवून ठेवला असेल त्याने तो कोर्टापुढे आणायचा आणि कोणत्या अधिकाराने ठेवला ते सांगायचं. तुम्ही म्हणाल, हे पोलीस आणि तुरुंगापुरतं असेल. पण आपल्या मुलखात हा आदेश गाजला तो एका घरातल्या मुलामुळे.

1828 सालची गोष्ट. पेशवाई बुडून दहा वर्षं झाली होती. पुण्यात मोरो रघुनाथ नावाचा अल्पवयीन मुलगा त्याचे नातलग आणि पालक पांडुरंग रामचंद्र यांच्याकडे होता. त्याला डांबून ठेवलंय, अशी तक्रार मुंबईच्या सुप्रीम कोर्टात गेली. कोर्टाने मुलाला हजर करण्याचा आदेश काढला. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी तो अमलात येऊ दिला नाही. पुण्याची बडी घराणी दुखावणं त्यांना परवडणारं नव्हतं. न्यायमूर्ती सर जॉन पीटर ग्रँट इतके चिडले की 1829 च्या एप्रिलमध्ये त्यांनी कोर्टच बंद केलं! शेवटी लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने कोर्टाच्या विरुद्ध कौल दिला. भांडण सरकारचं आणि कोर्टाचं झालं, मोरो राहिला बाजूला.

आज संविधानाच्या 226 व्या अनुच्छेदाने हायकोर्टाला हा अधिकार आहे, आणि तो घरच्यांविरुद्धही चालतो. आपल्याकडची तऱ्हा ठरलेली: मुलीने जातीबाहेर, धर्माबाहेर जमवलं की आधी मोबाईल जातो, मग कॉलेज, मग दूरच्या गावी मावशीकडे रवानगी. शेजारच्या घरात होतं तसं आमच्या मोहल्ल्यातही होतं. त्याला कुणी कैद म्हणत नाही, काळजी म्हणतात. याचिका झाली की पोलीस तिला हजर करतात. ती अठरा पूर्ण असेल तर प्रश्न एकच: तिला कुठे जायचंय? शहाणे न्यायाधीश तो आपल्या दालनात, घरच्यांना बाहेर ठेवून विचारतात. बाप दाराशी उभा असताना ‘मी खुशीने राहते’ या तीन शब्दांना काय किंमत द्यायची?

लहान मुलांचं वेगळं. तिथे मुलाचं हित पाहतात. 2019 मध्ये महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात, आई वारलेली चिमुरडी मावशी-मामांकडून वडिलांना देण्याचा आदेश सुप्रीम कोर्टाने कायम केला.

केरळच्या हादियाच्या बाबतीत तर हेच हत्यार उलटं फिरलं. याचिका वडिलांची. मे 2017 मध्ये हायकोर्टाने लग्न रद्द ठरवून त्या सज्ञान मुलीला आईवडिलांच्या ताब्यात दिलं. नोव्हेंबरमध्ये सुप्रीम कोर्टाने तिलाच विचारलं, तेव्हा ती सेलमला शिकायला गेली. मार्च 2018 मध्ये लग्न कायम झालं. मधले सहा महिने घरात, पोलीस पहाऱ्यात.

रत्नागिरीकरांना यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे. आंबा घाट चढून जायचं. तेवढंही जमत नसेल तर इथल्या मॅजिस्ट्रेटलाही नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 खाली, म्हणजे जुन्या 97 खाली, घराच्या झडतीचं वॉरंट काढता येतं. हायकोर्टातला अर्ज नवऱ्यानेच करावा असं नाही, मैत्रीणही करू शकते.