पडद्यापुढे मलिक अंबर

पृथ्वीच्या गोलावर उभा राहून जहांगीर बादशहा बाण सोडतो आहे आणि समोर भाल्यावर मलिक अंबरचं मुंडकं खोचलेलं आहे. दरबारी चित्रकार अबुल हसन याने 1616च्या सुमारास रंगवलेलं हे चित्र आज डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहात आहे. त्यातलं काहीही घडलेलं नाही. अंबर त्यानंतर दहाएक वर्षं जगला. 1624 साली भातवडीला त्याने मोगल आणि आदिलशाही फौजांना एकाच लढाईत लोळवलं. शहाजीराजे आणि शरीफजी भोसले तिथे त्याच्याच बाजूने लढले, शरीफजी तिथेच पडले. 1626 साली ऐंशीच्या घरात असताना अंबर स्वतःच्या मरणाने गेला, खुलताबादेत त्याची कबर आहे. रणात जे साधलं नाही ते बादशहाने कुंचल्याकडून करून घेतलं.

चित्रात माणसाला हवं तसं उभं करण्याची सोय एकट्या बादशहाला नव्हती. सेनेगलची राजधानी डाकार इथल्या एका फोटोग्राफरने 2014 साली अंबरला पुन्हा उभं केलं, मान धडावर शाबूत ठेवून. फोटोत अंबर म्हणून जो दिसतो तो फोटोग्राफर स्वतःच आहे. त्याचं नाव ओमर व्हिक्टर दिओप.

ही मालिका ‘प्रोजेक्ट डायस्पोरा’. आफ्रिकेतून कुणी साखळदंडात, कुणी शिपाई म्हणून, कुणी राजाचा वकील म्हणून बाहेर पडला आणि परमुलखात नाव कमावून बसला. अशी माणसं दिओपने जुन्या चित्रांमधून हुडकली, एकेकाचा वेष चढवला आणि तो कॅमेऱ्यापुढे जाऊन बसला. स्पॅनिश चित्रकार व्हेलास्केथच्या घरचा गुलाम आणि पुढे स्वतःच चित्रकार झालेला हुआन दे पारेहा त्यात आहे, अमेरिकेतला फ्रेडरिक डग्लस आहे, विजापूरचा इखलास खान आहे. अंबर इथिओपियाचा, दिओप सेनेगलचा, म्हणजे आफ्रिका खंडाची दोन टोकं. मोखा आणि बगदादच्या बाजारांत विकला जात अहमदनगरला पोचलेल्या, बुडती निजामशाही सावरणाऱ्या, खडकी वसवणाऱ्या त्या हबशी वजिराशी दिओपचं नातं रक्ताचं नाही. ते त्याने हक्काने जोडून घेतलेलं आहे.

मालिकेतला मला सगळ्यात नेमका वाटतो तो ज्याँ-बाप्तिस्त बेले. डाकारच्या धक्क्यावरून होडीने वीसेक मिनिटांवर गोरे नावाचं बेट आहे. बेलेचा जन्म तिथला असं मानतात. लहानपणीच त्याला कॅरिबियनमधल्या सँ-दोमिंग या फ्रेंच वसाहतीत विकलं गेलं. त्याने पैसे जमवून स्वतःची सुटका विकत घेतली आणि क्रांतीच्या धामधुमीत तो थेट पॅरिसच्या राष्ट्रीय सभेत प्रतिनिधी म्हणून जाऊन बसला. 1794 साली याच सभेने गुलामगिरी बंद केली, नेपोलियनने ती पुढे पुन्हा सुरू केली आणि बेले 1805 साली फ्रान्सच्या कैदेत मेला. त्याच्या मधल्या भरभराटीच्या दिवसांत, 1797 साली, जिरोदे या चित्रकाराने त्याचं चित्र काढलं. त्यात बेले एका फ्रेंच विचारवंताच्या संगमरवरी पुतळ्याला रेलून ऐटीत उभा आहे. दिओपने तोच रुबाब घेतला, तोच तिरंगी कमरपट्टा घेतला आणि जोडीला फुटबॉल दिला.

फुटबॉल या सगळ्या मालिकेत फिरत राहतो. कुठे चेंडू, तर कुठे खेळातलं दुसरं काही. दिओप तेव्हा स्पेनमधल्या मालागा शहरात काही महिने राहायला होता. युरोपातल्या मैदानांवर आफ्रिकी खेळाडूने गोल मारला की स्टेडियम डोक्यावर घेतं, आणि त्याच स्टेडियममधून त्याच्या अंगावर केळीही फेकली जातात. अठराव्या शतकातल्या दरबारांनी आणि सभांनी याहून वेगळं काय केलं होतं? एवढं सांगायला लांबलचक मजकूर लिहावा लागला असता. दिओपने एक चेंडू ठेवला आणि काम भागवलं.

हातात एखादी वस्तू देऊन माणूस कोण आहे, किंवा त्याला कोण व्हायचं आहे, ते सांगायचं ही कला त्याची एकट्याची नाही. पश्चिम आफ्रिकेतल्या फोटो स्टुडिओंनी ती पिढ्यान्‌पिढ्या घोटली आहे. डाकारच्या मेदिना वस्तीत मामा कासे या फोटोग्राफरने 1943 साली स्टुडिओ थाटला होता. त्याच्यापेक्षाही गाजला तो शेजारच्या मालीतला सेदू कैता.

कैता बापाबरोबर लाकूडकाम करत वाढलेला. काकाने 1935 साली त्याला कोडॅकचा छोटा ब्राउनी कॅमेरा आणून दिला आणि 1948 साली त्याने बामाकोत स्वतःचा स्टुडिओ उघडला. बहुतेक फोटो अंगणात, उन्हाच्या उजेडात. मागे टांगायला पडदा हवा म्हणून त्याने पहिल्यांदा आपल्या पलंगावरची झालरीची चादरच भिंतीला लावली. पुढे दर दोन-तीन वर्षांनी पडदा बदलत गेला आणि त्याचा एक फायदा असा झाला की कोणता फोटो कोणत्या सालचा हे कैता नंतर मागच्या कापडावरून सांगू शकायचा. गिऱ्हाइकासाठी घड्याळ, पेन, रेडिओ, टेलिफोन, सूट-टाय असा सरंजाम तयार असायचा, स्कूटर असायची. त्याची स्वतःची प्युजो गाडीही काही फोटोंत दिसते. आपल्याकडे जत्रेतल्या फोटोवाल्याकडे पुठ्ठ्याची मोटार असायची, तिच्यात बसून गावकरी मुंबईला जाऊन यायचे. इथे मोटार तेवढी खरी होती.

त्याचा 1959चा एक फोटो जवळून पाहावा. पांढरा कोट घातलेला तरुण, डोळ्यांवर जाड फ्रेमचा चष्मा, टाय, खिशाला पेन. हात पुढे केलेला आणि बोटांत एक फूल, नुसतं धरलेलं नाही तर आपल्याला देऊ केलेलं. तरुण हसत नाही, पण ओशाळलेलाही नाही. यातलं काय त्याचं होतं आणि काय स्टुडिओचं, हे फोटोवरून कळायला मार्ग नाही, आणि तो घरी घेऊन जाणाऱ्याला त्याची फिकीरही नसावी. कैता बहुतेक वेळा एका माणसाची एकच निगेटिव्ह काढायचा. फिल्म महाग, त्यामुळे हात कुठे ठेवायचा, मान किती वळवायची, हे आधीच ठरलेलं असायचं. कपड्यांच्या नक्षीची मागच्या पडद्याच्या नक्षीशी अशी काही गाठ पडायची की चेहरा तेवढा कापडातून वर आल्यासारखा दिसतो.

सरकारी नोकरीत गेल्यावर, साठच्या दशकाच्या सुरुवातीला, कैताने स्टुडिओ बंद केला. 1991 साली न्यूयॉर्कच्या एका प्रदर्शनात त्याचे फोटो लागले ते ‘अज्ञात फोटोग्राफर’ म्हणून. आंद्रे मान्यँ हा फ्रेंच क्युरेटर त्या अज्ञाताला शोधत बामाकोला आला. टॅक्सीवाल्याने त्याला नेलं ते मालिक सिदिबे या दुसऱ्याच फोटोग्राफरकडे, आणि सिदिबेने कैताचं घर दाखवलं. कैता तेव्हा हयात होता, निगेटिव्हही जपून ठेवलेल्या होत्या. मग पॅरिसमध्ये प्रदर्शनं झाली, मूळचे तळहाताएवढे फोटो भिंतभर मोठे होऊन टांगले गेले. मला हे मोठे प्रिंट थोडे खटकतात. गिऱ्हाइकाने ट्रंकेत ठेवायला नेलेली वस्तू संग्रहालयाची झाली, आणि त्यात बसलेल्यांची नावं बहुतांशी हरवली ती हरवलीच.

दिओपने बरोबर इथेच डाव उलटवला. त्याच्या फोटोत चेहरा एकाच माणसाचा, पण खाली नाव पक्कं, सनावळीसकट.

अर्थात स्वतःलाच पडद्यापुढे बसवणारा तो पहिला नव्हे. कॅमेरूनमध्ये जन्मलेला, नायजेरियात वाढलेला सॅम्युएल फोसो यादवी युद्धातून वाचून मध्य आफ्रिकेतल्या बांगी शहरात आला आणि 1975 साली, वयाच्या तेराव्या वर्षी त्याने तिथे स्टुडिओ उघडला. दिवसाअखेर रोलमध्ये चार-दोन फोटो शिल्लक राहायचे. रोल तसाच ठेवला तर गिऱ्हाइकाचे प्रिंट रखडणार, म्हणून हा पोरगा उरलेल्या फोटोंत स्वतःलाच काढायचा आणि आपण धडधाकट आहोत हे कळावं म्हणून नायजेरियातल्या आजीला पाठवून द्यायचा. पुढे 2008 साली त्याने माल्कम एक्स, अँजेला डेव्हिस अशांच्या वेषात स्वतःचे फोटो काढले. दिओपची वाट फोसोने आधीच मळलेली होती, हे मान्य करायलाच हवं.

दिओपचं आयुष्य मात्र या पूर्वजांसारखं अजिबात नाही. 1980 साली डाकारमध्ये जन्म, व्यवसाय व्यवस्थापनाचं शिक्षण, मग एका बड्या तंबाखू कंपनीत जनसंपर्काची चांगली नोकरी. कॅमेरा हा सुट्टीचा उद्योग. शंभर वर्षांनंतरची फॅशन टाकाऊ वस्तूंपासून कशी बनेल, अशी कल्पना करून त्याने काढलेली ‘फॅशन 2112’ ही मालिका 2011 साली बामाकोच्या छायाचित्र महोत्सवात निवडली गेली. हा महोत्सव 1994 पासून भरतो आणि त्यात निवड होणं ही आफ्रिकेतल्या फोटोग्राफरसाठी मोठी पावती असते. त्यानंतर लवकरच नोकरी सुटली. डाकारमधले फॅशन डिझायनर, गायक, नट अशा समवयस्कांना रंगीत नक्षीदार कापडापुढे बसवून त्याने ‘स्टुडिओ दे व्हानिते’ ही मालिका केली. तिच्यात कैता आणि कासे यांच्या पडद्यांची आठवण मुद्दाम ठेवलेली आहे. आणि पॅरिसमध्ये त्याचं काम मांडणारी गॅलरी त्याच आंद्रे मान्यँची.

जनसंपर्कातली वर्षं वाया गेलेली नाहीत. दिओपच्या मालिकेचा मुद्दा एका वाक्यात सांगता येतो, रंग लांबून ओळखू येतात आणि प्रत्येक फोटो पोस्टरसारखा डोळ्यांत भरतो. कधीकधी हेच आड येतं. 2016च्या ‘लिबर्टी’ या मालिकेत त्याने कृष्णवर्णीयांच्या उठावांचे आणि निदर्शनांचे प्रसंग उभे केले. दक्षिण आफ्रिकेतल्या सोवेतोची 1976ची शाळकरी मुलं त्यात आहेत, थियारोयेचे सैनिकही आहेत. थियारोये हे डाकारच्या वेशीवरचं ठाणं. 1 डिसेंबर 1944 रोजी जर्मन कैदेतून परतलेल्या आफ्रिकी सैनिकांनी तिथे थकलेला पगार मागितला आणि ज्यांच्यासाठी ते लढले होते त्या फ्रेंचांनी त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. सरकारी आकडा पस्तीस मृत्यूंचा होता. खरे मृत्यू कितीतरी जास्त होते असं इतिहासकार सांगतात. दिओपच्या फोटोत गणवेशांना कडक इस्त्री आहे आणि मागचा रंग देखणा आहे. अंबरला किंवा बेलेला हा झगमगाट शोभतो, कारण त्यांची चित्रं मुळातच ऐट दाखवण्यासाठी काढलेली होती. थियारोयेच्या सैनिकांना तो शोभत नाही, असं माझं मत आहे.

2021च्या ‘आलेगोरिया’त त्याने स्वतःभोवती शाळेच्या पुस्तकात असतात तशी झाडं, पक्षी, प्राणी दाटीवाटीने मांडले. उद्याच्या मुलांना निसर्ग असा चित्रातच पाहावा लागेल की काय, ही त्यामागची धास्ती. त्यानंतरच्या ‘बीइंग देअर’मध्ये मात्र जुनी गंमत परत आली. ली शुलमन या चित्रपटदिग्दर्शकाकडे अनोळखी कुटुंबांच्या घरगुती रंगीत स्लाइड्सचा मोठा साठा आहे. त्यातल्या अमेरिकेतल्या पन्नास-साठच्या दशकांतल्या गोऱ्या मध्यमवर्गीयांच्या फोटोंत दिओप जाऊन बसला आहे: जेवणाच्या टेबलाशी, सहलीत, पार्टीत, त्या काळचे कपडे घालून, मोकळेपणाने हसत. घरच्या फोटोत एक जण नेहमीच गैरहजर असतो, तो म्हणजे कॅमेरा धरणारा. दिओपने ती रिकामी जागा घेतली. यजमानांनी त्याला पाहिलेलंच नाही, म्हणून त्यांच्या चेहऱ्यावर कसलंही आश्चर्य नाही. आणि त्या काळी यातल्या बहुतेक गल्ल्यांमध्ये त्याच्या रंगाच्या माणसाला घर विकत मिळालं नसतं.