काजवा चमकतो की लुकलुकतो?

बालमित्रांनो, ही रिकामी जागा भरा पाहू : ‘अंधारात काजवा ........’

काय लिहिलंत? ‘चमकतो’? आमच्या चौथीच्या वर्गानंही ऑगस्टमधल्या चाचणीत हेच लिहिलं होतं. उत्तरसूचीतही हेच उत्तर होतं. फक्त एका मुलीनं लिहिलं होतं, ‘लुकलुकतो’. मी लाल पेनानं फुली मारली आणि तिचा अर्धा गुण कापला.

मधल्या सुट्टीत ती पेपर घेऊन माझ्या टेबलाशी आली. डोंगरातल्या वाडीवरून रोज चालत येणारी, एरवी तोंडातून शब्द न काढणारी पोर.

“बाई, हे चूक हाये का?”

“अगं, ‘चमकतो’ असं हवं होतं.”

“पण बाई, वीज चमकती. एकदा चमकली की गेली. काजवा तसं नाय करत. तो लागतो, विझतो, परत लागतो, परत विझतो. लुक... लुक... लुक...” असं म्हणत तिनं हाताची मूठ उघडून-मिटून दाखवली.

“बरं, बघू,” असं म्हणून मी वेळ मारून नेली. खरं सांगू? मी शहरात वाढलेली. तोपर्यंत मी काजवा फक्त चित्रात पाहिला होता, आणि तिनं तो स्वतःच्या अंगणात पाहिला होता! मग आमच्या दोघींपैकी काजव्याबद्दल बोलण्याचा जास्त अधिकार कुणाचा?

त्या अर्ध्या गुणानं मला चांगलंच कामाला लावलं. ‘लुकलुक’ या शब्दाचा मी पाठलागच सुरू केला. त्यात जे सापडलं, ते आज तुम्हांला सांगते.

उजेडाला आवाज कुठून आला?

‘खळखळ’ म्हटलं की ओढा ऐकू येतो. ‘गडगड’ म्हटलं की ढग. ‘टपटप’ म्हटलं की पागोळ्या. अशा दुहेरी शब्दांना व्याकरणात ‘अभ्यस्त शब्द’ म्हणतात आणि त्यांतल्या आवाजाची नक्कल करणाऱ्यांना ‘अनुकरणवाचक’. आपल्या मराठीत अशा शब्दांची नुसती रेलचेल आहे. मोल्सवर्थ यांच्या मराठी-इंग्रजी शब्दकोशाची दुसरी आवृत्ती १८५७ साली निघाली. तो चाळलात, तर त्यातही असे शब्द जागोजागी भेटतील.

पण गंमत अशी, की उजेडाला आवाज नसतो. मग ‘लुकलुक’मध्ये कशाची नक्कल आहे?

मोठ्यानं म्हणून पाहा : लुक-लुक. एक ‘लुक’ म्हणजे उजेड लागला. मग जरासं थांबणं, म्हणजे अंधार. पुन्हा ‘लुक’. त्या मुलीची मूठ उघडत-मिटत होती ना, अगदी तसंच! शब्द दोनदा येतो, कारण उजेडही पुन्हा पुन्हा येतो. आवाजाची नक्कल करता करता आपल्या भाषेनं हालचालीचीही नक्कल केली.

आणखी एक गंमत. ‘लुकलुक’ म्हणताना ओठांचा लहानसा चंबू होतो. ‘लखलख’ म्हणताना तोंड चांगलं उघडतं. उजेडही तसेच आहेत. लुकलुकणारा उजेड बारीक, ठिपक्याएवढा. लखलखणारा उजेड मोठा, डोळ्यांत भरणारा. म्हणून रात्री घाटातून खाली पाहिलं की दूरच्या गावाचे दिवे लुकलुकतात, पण दिवाळीत त्याच गावाच्या बाजारपेठेत शिरलात तर तिथं लखलखाट असतो. दिवे तेच, अंतर बदललं आणि शब्दही बदलला!

तारे का लुकलुकतात?

ताऱ्यांना हा शब्द अगदी शोभतो. पण तारा काही काजव्यासारखा लागत-विझत नाही. त्याचा प्रकाश सारखा येतच असतो. लुकलुकवते ती आपल्या डोक्यावरची हवा.

चूल पेटलेली असताना तिच्यावरून पलीकडच्या भिंतीकडे पाहिलंय कधी? भिंतीवरचं कॅलेंडर थरथरतंय असं वाटतं. गरम हवा विरळ, थंड हवा दाट. दोन्ही एकमेकींत मिसळत असल्यानं त्यांतून येणारे किरण सारखे थोडेथोडे वाकतात. आकाशातही हेच होतं. ताऱ्याचा किरण हवेच्या अशा अनेक थरांतून वाकत वाकत आपल्या डोळ्यांपर्यंत पोचतो. क्षणात जास्त प्रकाश डोळ्यांत शिरतो, क्षणात कमी. आपण म्हणतो, तारा लुकलुकतोय.

मग शुक्र का लुकलुकत नाही? तारे इतके दूर आहेत, की आपल्याला ते टिंबाएवढेच दिसतात. सूर्य सोडला तर सर्वांत जवळचा तारासुद्धा सुमारे सव्वाचार प्रकाशवर्षं दूर! ग्रह त्या मानानं खूपच जवळ. दुर्बिणीतून पाहिलं तर ग्रहाची लहानशी चकती दिसते. चकती म्हणजे पुष्कळ टिंबं एकत्र. एक टिंब मंद झालं, तर त्याच वेळी दुसरं उजळतं. एकूण हिशेब बरोबर राहतो आणि ग्रह शांत, स्थिर दिसतो. तेव्हा आकाशात ग्रह कुठला आणि तारा कुठला हे ओळखायची सोपी खूण म्हणजे लुकलुक!

थंडीत संध्याकाळनंतर पूर्वेला व्याध उगवतो, तो जरूर पाहा. रात्रीच्या आकाशातला तो सर्वांत तेजस्वी तारा. क्षितिजाजवळ असताना त्याचा प्रकाश जास्त हवेतून येतो, त्यामुळे तो नुसता लुकलुकत नाही, तर लाल, हिरवे, निळे रंगही फेकतो. तोच डोक्याकडे चढला की बराच शांत होतो.

आपल्याला ही लुकलुक आवडते, पण खगोलशास्त्रज्ञांना मात्र ती नकोशी वाटते. त्यांना हवं असतं स्वच्छ, न हलणारं चित्र. म्हणून मोठ्या दुर्बिणी उंच डोंगरांवर बसवतात. तिथं वर हवा कमी असते. हबल दुर्बीण तर १९९० साली थेट हवेच्या वर, अंतराळात सोडली. तिथून पाहिलं तर तारे लुकलुकतच नाहीत.

डोळ्यांतली लुकलुक

‘बाळ कसं लुकलुक बघतंय!’ असं आजी म्हणते. कणगीमागचा उंदीरही लुकलुकत्या डोळ्यांनी बघतो. इथं उजेड कुठला?

आपला डोळा ओला आणि गुळगुळीत असतो. खिडकीचा किंवा दिव्याचा लहानसा ठिपका त्यात आरशासारखा दिसतो. बाळाची नजर इकडेतिकडे भिरभिरते, पापण्या उघडमिट करतात आणि तो ठिपका दिसतो, लपतो, पुन्हा दिसतो. झाली की नाही लुकलुक!

आता एक फरक ध्यानात घ्या. अंधारात मांजरावर बॅटरी मारली तर आपण काय म्हणतो? ‘मांजराचे डोळे चमकले.’ तिथं ‘लुकलुकले’ म्हणत नाही. मांजराच्या डोळ्यांत आतल्या बाजूला प्रकाश परत फेकणारा एक थर असतो. त्यामुळे एकदम झगझगीत उजेड परत येतो. झटक्यात येतो, म्हणून चमकतो.

उजेडाचं मोठं कुटुंब

‘लुकलुक’चे भाऊबंद तरी किती! तेल संपत आलं की दिवा मिणमिणतो. देवापुढची समई तेवते. विझण्याआधी ज्योत फडफडते. मे महिन्यातला सूर्य तळपतो. घासलेलं तांब्या-पितळेचं भांडं लखलखतं. सोनं झळाळतं. साडीवरच्या टिकल्या चमचमतात. जत्रेतली दुकानं झगमगतात. ओल्या पानांवर ऊन पडलं की ती लकाकतात. फरशी चकचकीत, पण वांगं मात्र तुकतुकीत! कौलांच्या फटीतून घरात येतो तो कवडसा.

या शब्दांची अदलाबदल करून पाहा. ‘देवघरात समई झगमगत होती.’ ‘जत्रेतली दुकानं तेवत होती.’ हसू येतं ना? म्हणजे प्रत्येक शब्दाचं आपलं असं घर आहे. आपण मोठी माणसं मात्र घाईत सगळीकडे ‘चमकणे’ वापरून मोकळे होतो.

पण ‘चमकणे’वरही अन्याय नको. कुणी फाडकन थोबाडीत मारली, तर डोळ्यांपुढे काय होतं? काजवे चमकतात! तो वाक्प्रचारच आहे. आता म्हणाल, ‘बघा, उत्तरसूची बरोबर होती!’ होतीच. पण थोबाडीत बसते ती एकदम, म्हणून तिथले काजवे चमकतात. ओढ्याकाठचा खरा काजवा मात्र सावकाश लागत-विझत राहतो. दोन्ही शब्द आपापल्या जागी खरे आहेत. चूक एवढीच झाली, की एका जागेला दोन उत्तरं असू शकतात, हे मी मानलं नाही.

अखेर काजवा दिसला

सह्याद्रीत काजवे पाहायचे तर मे महिन्याची अखेर ते जूनचा मध्य, वळवाच्या सरींनंतरचे आणि धुवाधार पावसाच्या आधीचे दिवस. भंडारदरा, राजमाची अशा ठिकाणी तेव्हा लोक मुद्दाम जातात. मला मात्र लांब जायची गरजच नव्हती. पुढच्या जूनच्या पहिल्या आठवड्यात मी त्या मुलीच्या वाडीवर गेले. ती आणि तिची आजी मला ओढ्याच्या वरच्या अंगाला घेऊन गेल्या. आजीनं बॅटरी विझवायला सांगितली.

आधी काहीच दिसेना. मग एक ठिपका. मग दहा. मग समोरचं हिरड्याचं अख्खं झाड! सगळे जणू एका तालात. लुक... लुक... लुक.

“बगा बाई, मी म्हनलं नव्हतं?” ती कानाशी कुजबुजली.

काजव्याच्या पोटात शेवटाकडे ल्युसिफेरिन नावाचं रसायन असतं. हवेतल्या प्राणवायूशी त्याचा संयोग होऊन प्रकाश पडतो आणि ल्युसिफेरेज नावाचं विकर ते काम घडवून आणतं. हा प्रकाश थंड असतो, हातावर काजवा घेतला तरी चटका बसत नाही. जगात काजव्यांच्या दोन हजारांहून जास्त जाती आहेत, आणि लुकलुकण्याचा ताल जातीजातीचा वेगळा. बहुधा नर उडता उडता खूण करतो आणि गवतातली किंवा फांदीवरची मादी उत्तर देते. म्हणजे ही नुसती रोषणाई नाही, तो काजव्यांचा निरोप आहे. तो वाचता यायला काळोख हवाच.

परतताना आजी म्हणाली, “पूर्वी खाली ओढ्यापाशीच झाडं भरायची, बाई. तिथं खांबावर दिवा लागला, तसं हे वर सरकले.”

“मग दिवा नको होता का?” मी विचारलं.

“आसं कसं? पावसाळ्यात पायाखाली जनावर येतं. दिवा पायजेच. पर त्यानं खाली बगावं, झाडात कशाला बगतो?”

किती साधी गोष्ट! दिव्यावर टोपण असावं, उजेड रस्त्यावर पडावा, काम नसेल तेव्हा दिवा बंद असावा. विदर्भातला पेंच व्याघ्र प्रकल्प याच विचारानं २०२४ च्या जानेवारीत भारतातलं पहिलं ‘डार्क स्काय पार्क’, म्हणजे राखलेल्या अंधाऱ्या आकाशाची जागा, म्हणून जाहीर झाला. तिथं आसपासच्या गावांतले रस्त्यावरचे दिवे खाली वळवले गेले. आजीनं तर हे कुठं वाचलंही नव्हतं.

बालमित्रांनो, मला काळजी वाटते ती याचीच. शहरातल्या झगझगीत उजेडात लहान तारे दिसत नाहीत. काजवेही लांब गेले. ज्यानं लुकलुक पाहिलीच नाही, तो ‘लुकलुक’ शब्द कशाला वापरेल? वस्तू नाहीशी झाली की तिच्यामागोमाग शब्दही निघून जातो. आणि एखाद्या मुलाकडे तो शब्द शिल्लक असलाच, तर आमच्यासारखे शिक्षक त्यावर लाल फुली मारतात!

ती उत्तरपत्रिका केव्हाच हरवली होती. मुलगीही पाचवीत गेली होती. तरी शाळा सुरू झाल्यावर पाचवीच्या वर्गात जाऊन मी फळ्यावर ते वाक्य लिहिलं आणि रिकाम्या जागेत ‘लुकलुकतो’ लिहिलं. “हे उत्तर बरोबर होतं, माझं तपासणं चुकलं,” असं सगळ्यांसमोर सांगितलं. ती मागच्या बाकावर मान खाली घालून हसत होती. डोळे मात्र लुकलुकत होते!

करून पाहा

या आठवड्यात एका रात्री दिवे बंद करून आई-बाबांबरोबर गच्चीत किंवा अंगणात दहा मिनिटं बसा. डोळे अंधाराला सरावू द्या. आकाशात लुकलुकणारं काय आहे आणि स्थिर काय आहे, ते शोधा. मग आजी-आजोबांना विचारा, उजेडासाठी त्यांच्याकडे आणखी कोणते शब्द आहेत? ते वहीत लिहून ठेवा, आणि प्रत्येक शब्दापुढे त्याचं घरही लिहा : हा उजेड कुठं दिसतो?

आणि हो, पालकांनो, मुलानं एखादा वेगळाच शब्द लिहिला, तर खोडण्याआधी एकदा विचारा, ‘तू हे कुठं पाहिलंस रे?’