एक युनिट साठवायचं तर

मे महिना सरत आला की चिपळुणात ताडपत्र्या बाहेर निघतात, पन्हळी साफ होतात आणि बॅटरीवाल्याचा फोन सतत व्यग्र लागतो. खेंडीतल्या एका घरी तो आला तेव्हा मी शेजारी स्टूल टाकून बसलो होतो.

आधी त्याने मेन बंद केला, मग इन्व्हर्टर. टर्मिनलवर पांढरट-हिरवी बुरशीसारखी पूड साचली होती. गरम पाण्यात खायचा सोडा कालवून त्याने ती धुतली. फसफस झाली, खाली पितळ दिसू लागलं. कोरडं पुसून, पान्याने आवळून वर व्हॅसलिनचं बोट फिरवलं. मग सहा बुचं उघडून हायड्रोमीटर काढला. काचेच्या नळीत आम्ल ओढून घ्यायचं आणि आतला तरंगता काटा वाचायचा. बॅटरी रात्रभर चार्ज झालेली. पाच सेल ‘बाराशे चाळीस’. सहावा साडेअकराशे.

“काकू, पाणी कधी घातलं होतंत?”

“गणपतीत. नळाचंच.”

तो काही बोलला नाही, नुसता माझ्याकडे बघून हसला. चार्ज होताना पाण्याचं हायड्रोजन नि ऑक्सिजन होऊन उडून जातं, आम्ल मागे राहतं. म्हणून भर घालायची ती फक्त डिस्टिल्ड वॉटरची, आम्लाची कधीच नाही. नळाच्या पाण्यातले क्षार प्लेटा खातात. पातळी खाली गेली तर उघड्या पडलेल्या प्लेटा कडक होतात आणि त्या परत चार्ज घेत नाहीत. सहाही सेल एकामागोमाग जोडलेले, त्यामुळे एक बसला की बाकीचे धड असूनही बॅटरी लवकर मान टाकते. विकताना वॉरंटी तोंडपाठ सांगतात. पाण्याचं सांगायला मात्र कुणाला सवड नसते.

ही बॅटरी १२ व्होल्ट, १५० अँपिअर-अवर. कागदावर १.८ युनिट. पण दर वेळी निम्म्याहून जास्त ओढली तर तिचं आयुष्य घटतं, म्हणजे हाती धरायचं साधारण एकच युनिट. एक पंखा नि चार एलईडी दिवे, सात-आठ तास. त्यासाठी घरात पन्नास-साठ किलोंचं धूड.

आता याच तालुक्यातलं पोफळी आठवा. कोयनेचं पाणी बोगद्यांतून साडेचारशे मीटरहून अधिक खाली येऊन तिथे जनित्रं फिरवतं. त्या उंचीवरून हजार लिटर पाणी पडलं, तर यंत्रांतली घट वजा जाता जेमतेम एक युनिट मिळतं. म्हणजे गच्चीवरची टाकी एवढ्या उंचावरून रिकामी केली, तर या बॅटरीएवढी वीज! कोयना प्रकल्पाची एकूण क्षमता १,९६० मेगावॉट. संध्याकाळी मागणी चढते तेव्हा तो उपयोगी पडतो. मात्र पाणी पोफळीहून कोळकेवाडी, अलोरे करत वाशिष्ठीला मिळतं, ते वर परत जात नाही. सह्याद्रीतला पाऊस वर्षातून एकदाच भरणी करतो. सौर वीज साठवायची तर रोजची भरणी लागते. घाटघरला ती होते: २५० मेगावॉटच्या त्या प्रकल्पात विजेची चणचण नसताना पाणी पुन्हा वर चढवून ठेवतात.

घरच्या सौर पॅनेलबाबत इथे मोठा गैरसमज आहे. नुसत्या नेट-मीटरवर चालणारी यंत्रणा लाईट गेली की स्वतःही बंद पडते, भर उन्हातसुद्धा. तारांवर काम करणाऱ्या वायरमनला शॉक बसू नये म्हणून तशी सोयच असते. अंधार टाळायचा तर हायब्रिड इन्व्हर्टर आणि बॅटरी लागतेच.

लिथियमची बॅटरी हलकी, तिला पाणी घालावं लागत नाही आणि बराचसा भाग वापरता येतो. सेलांवर नजर ठेवायला आत बीएमएसचं सर्किट असतं. पुराच्या पाण्यापुढे मात्र तेही हतबल, आणि २२ जुलै २०२१ चा पूर आपल्याला विसरता येणार नाही. तेव्हा इन्व्हर्टर त्या पुराच्या खुणेच्या वर बसवा. विजेवर चालणारी स्कूटर बुडालीच, तर सुकल्यासारखी दिसली म्हणून चार्जिंगला लावू नका. मोकळ्या जागी ढकलून ठेवा आणि कंपनीच्या माणसाला बोलवा.