वहीचे शब्द समजून घेऊ या

शिलाईचा कारखाना असो, फर्निचरचे काम असो की किराणा दुकान, आपल्यापैकी अनेकांच्या धंद्याचा हिशेब वहीत कमी आणि डोक्यात जास्त असतो. रात्री गल्ला मोजायचा. पैसे दिसले तर धंदा बरा, नाही दिसले तर मंदी. मग बँकेने कर्जासाठी ताळेबंद मागितला की आपण गोंधळतो. वास्तविक हिशेब, जमा, बाकी, वसूल हे शब्द अरबीतून मराठीत आलेले आणि आपल्या रोजच्या तोंडचे आहेत. वहीत त्यांचा नेमका अर्थ काय, एवढेच समजून घ्यायचे आहे.

रोजकीर्द व खतावणी

रोजचे व्यवहार तारीखवार ज्या वहीत लिहितात ती रोजकीर्द. त्याच नोंदी पुढे ज्या त्या खात्यावर नेतात ती खतावणी. आज काय झाले हे कीर्द सांगते. कोणाकडून किती येणे आहे हे खतावणी सांगते. सर्व खात्यांच्या बाक्यांची यादी म्हणजे तेरीज. तिच्या दोन्ही बाजूंची बेरीज सारखी आली नाही, तर कोठेतरी चूक आहे असे समजावे.

जमा व नावे

प्रत्येक व्यवहाराला दोन बाजू असतात. आपण 500 रुपयांचा माल उधार दिला तर गिऱ्हाइकाच्या नावे 500 आणि विक्री खाती जमा 500. नावे म्हणजेच डेबिट, जमा म्हणजेच क्रेडिट. माणसांच्या खात्यांसाठी सोपा नियम असा: घेणारा नावे, देणारा जमा. बँकेत पैसे भरले की पासबुकात ‘जमा’ दिसते, कारण ती बँकेची वही आहे व बँक आपले देणे लागते. आपल्या वहीत मात्र तीच रक्कम बँकेच्या नावे पडते.

नफा वेगळा, रोकड वेगळी

समजा, एका शिंप्याने 1,00,000 रुपये घालून काम सुरू केले. हे त्याचे भांडवल. 24,000 ची मशीन व 50,000 चे कापड घेतले. महिन्यात 70,000 ची विक्री झाली. त्यांतील 30,000 रोख आले, 40,000 उधारीत राहिले. मजुरी, भाडे व विजेला 15,000 गेले. घरखर्चाला 12,000 काढले. याला उचल म्हणतात. 8,000 चे कापड शिल्लक आहे.

गल्ल्यात आता 29,000 उरले. पाहणारा म्हणेल, लाखातले 71,000 बुडाले! पण वही वेगळे सांगते. वापरलेले कापड 42,000, इतर खर्च 15,000. मशीनही झिजते, ती 10 वर्षे चालेल असे धरले तर महिन्याला 200 रुपये घसारा. म्हणजे नफा 12,800. उचल हा धंद्याचा खर्च नव्हे, म्हणून ती येथे धरलेली नाही.

ताळेबंदात एका बाजूला मालमत्ता येते: रोकड 29,000, येणे 40,000, कापड 8,000, मशीन 23,800, एकूण 1,00,800. दुसऱ्या बाजूला भांडवल व नफा मिळून 1,12,800, त्यातून उचल 12,000 वजा. बाकी तीच, 1,00,800. ताळा जमला.

आता खरी गोष्ट दिसते. धंदा तोट्यात नाही, पण नफा जवळजवळ सगळा घरात गेला आणि 40,000 लोकांकडे अडकले. ती उधारी बुडाली तर नफा तर जाईलच, भांडवलालाही हात लागेल.

उधारीला कागद हवा

उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याची ताकीद सूरह बकराच्या 282 व्या आयतीत आहे, हे आपण जाणतोच. कायद्याची वाटही तीच आहे. नियमित ठेवलेली वही न्यायालयात पुरावा म्हणून दाखवता येते, मात्र केवळ नोंदीवरून कोणावर देणे लादता येत नाही. सोबत बिल, चलन असा आधार लागतो. उधार विकलेल्या मालाच्या वसुलीचा दावा 1963 च्या मुदत कायद्याप्रमाणे साधारणपणे 3 वर्षांत करावा लागतो. मुदत संपण्यापूर्वी देणेकऱ्याने बाकी लेखी मान्य करून सही दिली, तर त्या दिवसापासून नवी मुदत धरतात. म्हणून वर्षातून एकदा खाते दाखवून बाकीवर सही घ्यावी. यात संकोच किंवा अविश्वास मानू नये. उलट दोघांचेही मन साफ राहते.

सुरुवात लहान करावी. आजच एक वही घ्या. रोज दुकान बंद करण्यापूर्वी आलेले, गेलेले, उधार दिलेले आणि घरी नेलेले, या चार गोष्टी लिहा. महिनाभर हे जमले की पुढची खतावणी अवघड वाटणार नाही.