विश्लेषण : दावा जुना झाला; वादपत्रात आता बदल करता येईल का?

दावा दाखल केला तेव्हा शेजाऱ्याने बांधालगत फक्त खांब रोवले होते. त्यामुळे वादपत्रात मागणी एवढीच, की त्याला मनाई करावी. दावा वर्षानुवर्षे रखडला आणि मधल्या काळात तिथे पक्की शेड उभी राहिली. आता नुसत्या मनाई हुकुमाने भागत नाही, ताबाच परत हवा. पण तो वादपत्रात मागितलेला नाही. दिवाणी न्यायालयात अशा वेळी दुरुस्ती अर्ज दिला जातो. तो किती उशिरापर्यंत चालतो?

नियम काय सांगतो?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ६, नियम १७ नुसार वादीला वादपत्रात आणि प्रतिवादीला कैफियतीत बदल करण्याची परवानगी न्यायालय कोणत्याही टप्प्यावर देऊ शकते. पक्षकारांमधला खरा वाद मिटवण्यासाठी तो बदल आवश्यक असला पाहिजे. मुंबई उच्च न्यायालयाचे न्या. बॅचलर यांनी १९०९ मध्ये याची सोपी कसोटी सांगितली होती : बदल आवश्यक आहे का आणि त्याने समोरच्यावर अन्याय होतो का? सर्वोच्च न्यायालयानेही १९५७ मध्ये तीच उचलून धरली.

मग अडचण कुठे येते?

पुरावा संपत आला की दुरुस्ती अर्ज टाकायचा आणि दावा लांबवायचा, असे प्रकार वाढले. त्यामुळे १९९९ च्या कायद्याने नियम १७ वगळण्याचेच ठरवले होते. वकिलांच्या विरोधानंतर तो राहिला, पण १ जुलै २००२ पासून अट लागली : दाव्याची प्रत्यक्ष सुनावणी, म्हणजे ट्रायल सुरू झाल्यावर दुरुस्ती मिळणार नाही. अपवाद एकच. योग्य ती दक्षता घेऊनही हा मुद्दा आधी मांडता आला नसता, अशी न्यायालयाची खात्री पटली पाहिजे.

ट्रायल केव्हा सुरू होते?

सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या निकालानुसार मुद्दे निश्चित होऊन सरतपासणीचे शपथपत्र दाखल झाले, की ट्रायल सुरू झाली. म्हणजे उलटतपासणीची वाट पाहत बसणाऱ्याची वेळ आधीच टळलेली असते.

‘दक्षता’ कशी दाखवायची?

दावा दाखल झाल्यानंतर घडलेली गोष्ट, उदाहरणार्थ नवे अतिक्रमण किंवा त्रयस्थाला केलेली विक्री, आधी मांडता येणे शक्यच नसते. पण सातबारा, फेरफार किंवा खरेदीखत पहिल्यापासून हाताशी असेल, तर उशिराचे कारण पटवणे अवघड जाते. ‘नव्या वकिलांच्या आता लक्षात आले’ एवढे कारण सहसा पुरत नाही. अर्जात तारखा हव्यात : घटना केव्हा घडली, माहिती केव्हा मिळाली, अर्ज केव्हा दिला.

फार जुन्या दाव्यांचे काय?

१ जुलै २००२ पूर्वी दाखल झालेल्या वादपत्रांना आणि कैफियतींना ही नवी अट लागू नाही. एलआयसी विरुद्ध संजीव बिल्डर्स हे प्रकरण बोलके आहे. करार १९७९ चा, मुंबई उच्च न्यायालयातील दावा १९८६ चा आणि नुकसानभरपाईच्या मागणीतील दुरुस्तीचा अर्ज २०१७ चा. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२२ मध्ये ही दुरुस्ती कायम ठेवली. केवळ उशीर झाला म्हणून अर्ज फेटाळू नये, उशिराची भरपाई खर्च लावून करता येते, असे न्यायालयाने म्हटले. करारपूर्तीच्या दाव्यात भरपाईची मागणी कोणत्याही टप्प्यावर जोडू देण्याची तरतूद विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम २१ मध्येच आहे.

कोणती दुरुस्ती नाकारली जाते?

समोरच्याला हक्क देणारी स्पष्ट कबुली पुसून टाकणारी, दाव्याचे स्वरूपच पालटणारी, निव्वळ वेळ काढण्यासाठी मागितलेली आणि मुदतबाह्य हक्क मागच्या दाराने आणणारी. मालकी हक्काच्या आधारे ताबा मागण्याची मुदत साधारणपणे १२ वर्षे असते. मंजूर दुरुस्ती सहसा दावा दाखल झाल्याच्या तारखेपासून धरली जाते. मात्र ती अर्जाच्या तारखेपासूनच धरावी, असा आदेश न्यायालय देऊ शकते. तसे झाले तर मुदतीचे गणित बदलते.

अर्ज मंजूर झाल्यावर?

मंजुरी म्हणजे विजय नव्हे. नवे म्हणणे खरे की खोटे, हे या टप्प्यावर तपासले जात नाही. ते पुराव्यानेच सिद्ध करावे लागते. समोरच्या पक्षाला उत्तराची संधी मिळते. आदेशात मुदत दिली नसेल, तर १४ दिवसांत प्रत्यक्ष वादपत्रात बदल करून घ्यावा लागतो. त्यानंतर न्यायालयाने मुदत वाढवून दिली तरच तो करता येतो.

पक्षकाराच्या हाती सोपा उपाय आहे. मुद्दे निश्चित होण्याआधी वादपत्राची प्रत घेऊन बसावे आणि गट नंबर, चतुःसीमा, वारसांची नावे व प्रत्येक मागणी वकिलांसोबत एकदा ताडून पाहावी.