चूल एक, शिधापत्रिका दोन

बीड जिल्ह्यात संसार मोजायचं एक माप आहे: कोयता. दसरा-दिवाळीच्या सुमारास धारूर, वडवणी, पाटोदा, शिरूर कासार, केज या तालुक्यांतली गावं रिकामी होऊ लागतात. ट्रक-ट्रॅक्टर भरून माणसं पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊस तोडायला निघतात. मुकादम उचल देतो ती कोयत्याला, आणि एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. नवरा ऊस तोडणार, बायको मोळी बांधून डोक्यावरून गाडीपर्यंत नेणार. एकटा गडी गेला तर मुकादमाच्या हिशेबात तो अर्धा कोयता. लग्न म्हणजे इथे रोजगाराचा परवानाच. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, २०१९ ते २१ या काळात, बीडमधल्या २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी ४३.७ टक्के जणींचं लग्न अठरा वर्षं पुरी होण्याआधी लागलेलं आढळलं. त्याच्या कारणांची यादी कुणीही करू दे, तीत कोयत्याचं गणित येतंच.

अशा जिल्ह्यात दोन बायकांनी किंवा दोन पुरुषांनी मिळून बिऱ्हाड केलं, पदरी एखादं लेकरू असलं, तर त्यांची मिळकत, बचत, घर, शेत यांचं काय होतं?

अशी किती घरं आहेत, इथूनच अडायला होतं. २०११ च्या जनगणनेने स्त्री-पुरुषांखेरीज ‘इतर’ असा रकाना ठेवला आणि देशात ४,८७,८०३ माणसं त्यात नोंदली गेली, महाराष्ट्रात ४०,८९१. पण तो रकाना लिंगाचा होता, कोण कुणाबरोबर राहतं याचा नव्हता. समलिंगी माणसांचा एक सरकारी आकडा २०१२ साली सर्वोच्च न्यायालयापुढे आला होता: पंचवीस लाख. तो आला आरोग्य खात्याकडून, एचआयव्हीच्या संदर्भात, आणि तो पुरुषांचाच होता. म्हणजे रोगाचा धोका म्हणून सरकारने ही माणसं मोजली, बायका तर तेवढ्यापुरत्याही मोजल्या नाहीत. त्यांचं घर, चूल, मूल, कर्ज हे कुठल्याच खात्याने विचारलं नाही.

खरं तर जनगणनेची घराची व्याख्या फार मोकळी आहे. एका छपराखाली राहून एका चुलीवरचं जेवणारी माणसं म्हणजे एक कुटुंब. रक्ताचं नातं असलंच पाहिजे अशी अट नाही. घोळ होतो तो पुढच्या रकान्यात, ‘कुटुंबप्रमुखाशी नातं’ इथे. वीस वर्षं एका चुलीवर रांधणारी दुसरी बाई तिथे बहीण, नाहीतर पाहुणी, नाहीतर नातं नसलेली कुणीतरी होते.

बीडपुरतं बोलायचं तर एक नाव साऱ्या महाराष्ट्राला माहीत आहे. माजलगाव तालुक्यातल्या राजेगावचे ललित साळवे. पोलीस दलात ते स्त्री म्हणून भरती झाले. पुढे शरीरातले बदल जाणवू लागले, वैद्यकीय तपासण्या झाल्या आणि लिंगबदल शस्त्रक्रियेचा सल्ला मिळाला. त्यासाठी मागितलेली रजा नाकारली गेली, तेव्हा २०१७ मध्ये ते मुंबई उच्च न्यायालयात गेले. हा नोकरीतला वाद आहे, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जा, असं न्यायालयाने सांगितलं. पेच साधा होता आणि विलक्षणही. स्त्री शिपाई म्हणून झालेली भरती पुरुष झाल्यावर टिकते का? उंची-वजनाचे निकष कुणाचे लावायचे? अखेर गृहखात्याने परवानगी दिली आणि मे २०१८ मध्ये मुंबईच्या सेंट जॉर्ज रुग्णालयात पहिली शस्त्रक्रिया झाली. फेब्रुवारी २०२० मध्ये लग्न, जानेवारी २०२४ मध्ये मुलगा. साळवे कामावर परतले ते पुरुष शिपाई म्हणून.

हे समलिंगी कुटुंब नव्हे. साळवे पुरुष आहेत, त्यांची पत्नी स्त्री आहे, लग्न चारचौघांसारखं कायदेशीर आहे. तरीही ही हकिकत इथे सांगायची ती तिच्यातल्या पैशाच्या बाजूसाठी. वर्तमानपत्रांनी लिहिलं ते शस्त्रक्रियेबद्दल. पण भांडण होतं नोकरी राखण्याचं. दरमहा पगार देणारी सरकारी नोकरी हातात होती म्हणून वकील, मुंबईच्या फेऱ्या, तीन टप्प्यांतली शस्त्रक्रिया आणि त्यानंतरचा संसार पेलला. आणि कागदावरचं लिंग बदलल्याबरोबर बाकीचे कागद आपोआप रांगेत आले: विवाहनोंद, पत्नीचं वारसपण, मुलाच्या जन्मदाखल्यावर बापाचं नाव. त्याच जिल्ह्यात कुणा दोन बायकांनी तितक्याच निष्ठेने एक मूल वाढवलं तर यातला एकही कागद हलत नाही.

मार्च २०२२ मध्ये बीड शहरात एका किन्नर वधूचं लग्न एका तरुणाशी वाजतगाजत लागलं. लोकांनी ते पाहिलं, अक्षता टाकल्या. पुढच्या वर्षी, १७ ऑक्टोबर २०२३ रोजी, सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी सुप्रियो चक्रवर्ती खटल्यात जो निकाल दिला त्यात अशा लग्नांना एकमुखाने मान्यता आहे: पारलिंगी व्यक्तीने भिन्नलिंगी जोडीदाराशी केलेलं लग्न आहे त्या कायद्यांत बसतं. समलिंगी जोडप्यांच्या लग्नाला मात्र मूलभूत हक्क म्हणायला पाचही जणांनी नकार दिला. मूल दत्तक घेण्याच्या मुद्द्यावर खंडपीठ ३ विरुद्ध २ असं फुटलं. सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड आणि न्यायमूर्ती संजय किशन कौल यांना अविवाहित जोडप्यांना संयुक्त दत्तक देण्यातली आडकाठी घटनाबाह्य वाटली. न्यायमूर्ती भट, कोहली आणि नरसिंह यांनी ती राहू दिली. फेरविचार याचिका जानेवारी २०२५ मध्ये फेटाळल्या गेल्या.

या खटल्याच्या याचिकाकर्त्यांत मुंबईच्या अदिती आनंद आणि सुसान डायस होत्या. दोघी मिळून एक मुलगा वाढवतात, कायद्याच्या लेखी आई मात्र एकच. हे असं का होतं? एकट्या बाईला मूल दत्तक घेता येतं. एकट्या पुरुषालाही येतं, पण मुलगी नाही. जोडप्याला घ्यायचं तर किमान दोन वर्षांचं स्थिर वैवाहिक नातं लागतं. म्हणून दोघांपैकी एकजण अर्ज करतो आणि दुसरा कागदावरून गायब होतो. त्यातही जून २०२२ मध्ये केंद्रीय दत्तक प्राधिकरणाने कळवलं की, लग्नाविना जोडीदारासोबत राहणाऱ्या एकट्या अर्जदाराचा विचार करायचा नाही. सरोगसीचा २०२१ चा कायदा विवाहित जोडपी आणि ३५ ते ४५ वयाच्या विधवा-घटस्फोटितांपुरता आहे. पारलिंगी कार्यकर्त्या गौरी सावंत यांनी देहविक्रय करणाऱ्या एका आईची पोरकी झालेली मुलगी वाढवली आणि २०१७ च्या एका जाहिरातीमुळे ती गोष्ट घराघरांत पोचली. सगळ्यांचे डोळे पाणावले. दत्तकाचे नियम होते तिथेच राहिले.

ग्रामीण मराठवाड्यात दत्तक किंवा सरोगसी हा मुळात मोजक्यांचा रस्ता. तिथे मूल असतं ते बहुधा आधीच्या लग्नातलं. ४३.७ टक्के हा आकडा पुन्हा वाचावा: मुलीला आपला कल कळायच्या आत तिचं लग्न होतं, वर्षा-दोन वर्षांत कडेवर लेकरू येतं. ती पुढे नवऱ्यापासून वेगळी झाली आणि एखाद्या मैत्रिणीच्या आधाराने राहू लागली, तर समाज त्या घराला ‘टाकलेल्या बायकांचं घर’ म्हणेल. १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्यात नैसर्गिक पालक म्हणून पहिलं नाव बापाचं, त्यानंतर आईचं. मैत्रीण कुठेच नाही. मुलाच्या शाळेचा खर्च तिने केला, आजारपणं तिने काढली, तरी दवाखान्याच्या संमतिपत्रावर तिची सही चालेलच असं नाही.

आता पैशाकडे सरळ पाहू. श्रीमंती-गरिबी ठरते ती किती कमावलं यावर, तशीच कमावलेलं एकमेकांना देता येतं का यावरही. लग्न झालेल्या जोडप्याला हे देणं-घेणं जवळजवळ फुकट पडतं. महाराष्ट्रात राहतं घर किंवा शेतजमीन पती-पत्नी, मुलं, नातवंडं यांच्या नावे बक्षीसपत्राने करायची तर मुद्रांक शुल्क फक्त २०० रुपये. हेच बक्षीस लग्नाविना असलेल्या जोडीदाराला द्यायचं तर बाजारभावावर टक्केवारीने शुल्क. वर्षभरात पन्नास हजारांच्या वर रक्कम दिली की घेणाऱ्याच्या उत्पन्नात ती धरली जाते आणि कर लागतो. पती-पत्नींना तो नाही. याच तरतुदीविरुद्ध पायो अशिहो आणि विवेक दिवाण या जोडप्याने मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली आणि ऑगस्ट २०२५ मध्ये न्यायालयाने महान्यायवादींना नोटीस काढली. लग्नाचा हक्क द्या असं ही याचिका म्हणत नाही. निदान कर तरी सारखा लावा, एवढंच म्हणते. भावनांपेक्षा आकड्यांवर उभा असलेला हा युक्तिवाद जास्त टिकाऊ वाटतो.

केंद्राने काही केलं नाही असं मात्र नाही. २०२४ च्या ऑगस्टमध्ये अर्थखात्याने स्पष्ट केलं की, समलिंगी जोडीदारांना बँकेत संयुक्त खातं उघडायला आणि एकमेकांचं नाव नॉमिनी म्हणून द्यायला कसलीही बंदी नाही. बातम्या अशा झळकल्या, जणू वारसाहक्कच मिळाला. पण नॉमिनी म्हणजे मालक नव्हे; तो पैसे हाती घेऊन वारसांसाठी सांभाळणारा. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२३ मध्ये शक्ती येझदानी विरुद्ध जयानंद साळगावकर खटल्यात समभागांच्या बाबतीत हेच सांगितलं. विमा कायद्याने २०१५ पासून नॉमिनीला खरा लाभार्थी मानलं, ते आई-वडील, पती-पत्नी आणि मुलं यांच्यापुरतं. म्हणजे पंधरा वर्षं दोघांनी मिळून हप्ते भरले तरी एकजण गेल्यावर गावाकडचा भाऊ किंवा पुतण्या हक्क सांगू शकतो. उपाय एकच, मृत्युपत्र. स्वकष्टाचं असेल ते मृत्युपत्राने कुणालाही देता येतं, त्यावर वरचा बक्षीस-करही नाही. पण बीडमध्ये चाळिशीतला माणूस मृत्युपत्र करतोय म्हटलं की घरचे आधी त्याला डॉक्टरकडे नेतील. शेतजमिनीचं आणखी अवघड. वडिलोपार्जित असेल तर सातबारावर भावांची नावं, आणि जोडीदार शेतकरी नसेल तर कूळकायद्याची बंधनं आडवी येतात.

२०२४ च्याच सप्टेंबरमध्ये केंद्राच्या अन्न व सार्वजनिक वितरण खात्याने राज्यांना कळवलं की, शिधापत्रिकेसाठी समलिंगी जोडीदारांना एकाच कुटुंबातले समजावं. बीडसाठी ही बाब बँक खात्याहून मोठी. मराठवाडा आणि अमरावती विभागांतले जिल्हे व वर्धा अशा १४ आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांतल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांना २०२३ पासून धान्याऐवजी माणशी महिना १५० रुपये खात्यात देण्याची सुरुवात झाली. कार्डावर जितकी नावं तितक्या पट रक्कम. मूल कुणाच्या कार्डावर आहे, हा प्रश्न इथे रोकडा होतो. दुसरीकडे राज्याच्या लाडकी बहीण योजनेत कुटुंब म्हणजे पती, पत्नी आणि त्यांची अविवाहित मुलं, आणि कुटुंबातल्या एकाच अविवाहित स्त्रीला लाभ. एका चुलीवरच्या दोन बायकांनी कार्ड एक केलं तर एकीचे १५०० रुपये जाण्याची धास्ती, वेगळं ठेवलं तर कुटुंब म्हणून नोंद नाही. व्यवहारी बाई काय करेल ते सांगायला अर्थतज्ज्ञ नको.

परदेशात हे मोजलं गेलंय. अमेरिकेत २०२० च्या जनगणनेने पहिल्यांदा समलिंगी पती-पत्नी आणि जोडीदार असे वेगळे पर्याय छापले. तिथल्या २०१९ च्या पाहणीत समलिंगी जोडप्यांपैकी सुमारे १५ टक्के घरांत अठरा वर्षांखालची मुलं होती. स्त्री-पुरुष जोडप्यांत हे प्रमाण ३८ टक्क्यांच्या आसपास. दोन पुरुषांच्या घराचं उत्पन्न दोन बायकांच्या घरापेक्षा बरंच जास्त. त्यात नवल नाही: बायकांना पगार कमी, त्यात दोघीही बायका. नेदरलँड्समध्ये २००१ पासून समलिंगी विवाह आहे. तिथल्या शासकीय नोंदींवरून २०२० मध्ये झालेल्या अभ्यासात समलिंगी पालकांची २,९७१ मुलं इतर दहा लाखांहून अधिक मुलांशी ताडून पाहिली, तेव्हा ती शाळेच्या अभ्यासात काहीशी पुढेच दिसली. मात्र पालकांचं उत्पन्न आणि शिक्षण हिशेबात धरल्यावर हा फरक कमी झाला. ज्यांना खर्चीक मार्गाने, ठरवून मूल मिळवावं लागतं ते मुळातच सुस्थितीतले असतात. उसाच्या फडात कोपीत राहणाऱ्या आईला हे निष्कर्ष लावता येत नाहीत, आणि ‘समलिंगी जोडपी म्हणजे दोन पगारांची, चैनीतली माणसं’ हा शहरी समजही लावता येत नाही.

आता पुढची जनगणना आहे. तिची संदर्भ तारीख १ मार्च २०२७. १९४८ च्या जनगणना कायद्यात एक जुनं कलम आहे: बाईला नवऱ्याचं नाव सांगायची सक्ती करता येत नाही, आणि रूढीने ज्याचं नाव घेणं तिला वर्ज्य आहे अशा कुणाचंही. उखाण्याशिवाय नाव न घेणाऱ्या बायकांसाठी केलेली ही सोय. त्याच कायद्याने नोंदी गोपनीय ठेवल्या आहेत, त्या पुरावा म्हणून कोर्टात वापरता येत नाहीत. प्रगणक विवाहाचा दाखला मागत नाही, घरातले सांगतील ते लिहून घेतो. तेव्हा राजेगावात, परळीत किंवा बीडच्या एखाद्या पेठेत दोघी मिळून मूल वाढवत असतील आणि नात्याच्या रकान्यात काय लिहू असं त्यांना विचारलं गेलं, तर उत्तर त्यांनीच द्यायचं आहे. ते छापील यादीत बसलं नाही तर प्रगणकाने कुठला आकडा टाकायचा, हे ठरवून ठेवायला दिल्लीच्या महानिबंधक कार्यालयाला एक ओळ पुरेल.