अब्बांचं वेड आणि घरादाराची साथ

घरातल्या वडीलधाऱ्याच्या डोक्यात एखादं खूळ शिरलं की झळ सगळ्या घराला बसते. परेश मोकाशी यांचा ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ (२००९) अशाच घराची गोष्ट हसत हसत सांगतो. दादासाहेब फाळके सिनेमाच्या नादात घरातलं सामान विकतात. लोक त्यांना वेडा ठरवतात. पण पत्नी सरस्वतीबाई (पुण्याच्या विभावरी देशपांडे) पदर खोचून काम शिकतात, मुलगा भालचंद्र पडद्यावर राजपुत्र होतो आणि १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ झळकतो.

आपण हसतो, पण बापाची टिंगल होत नाही. अब्बांचा छंद एकट्याचा राहिला तर घराला जाच. बायकामुलांना त्यात वाटा मिळाला तर तीच बरकत. मुलांसोबत बसून जरूर पाहा.